ओलाईला कातळोबाने नेमके कशाने बांधले असावे?

गोदाकाठची

नमस्कार मंडळी.

गेली दोन वर्षे मी एक कल्पनारम्य कादंबरी लिहीत आहे आणि ती चौथ्या प्रकरणात अडून बसली आहे. कथेचा मुलूख काल्पनिक असला तरी माती आपलीच आहे. वर काळी, खाली मुरूम, त्याखाली कातळ, आणि मधून पूर्वेकडे वाहत जाणारी एक मोठी नदी. या मुलखात ओलाई नावाची देवी आहे. पाऊस पडून गेल्यावर जमिनीत जी ओल टिकते, जिच्यामुळे पेरणीला वापसा येतो आणि उन्हाळ्यातही आडाला पाझर राहतो, ती सगळी तिची सत्ता. तिचा प्रतिस्पर्धी कातळोबा हा खडकाचा देव आहे. लोक पाण्याची ओटी भरतात आणि ते पाणी ज्याच्या अंगावर उभे असते त्या खडकाला मात्र सुरुंग लावतात, हे त्याच्या मनात कित्येक युगे सलत आले आहे. शेवटी तो ओलाईला पकडून आपल्या पोटात कोंडतो आणि वरच्या मुलखात सात वर्षांचा दुष्काळ पडतो.

आतापर्यंतच्या मसुद्यात मी साखळदंड, सात दारे, दारोदारी राक्षसांचा पहारा आणि सोडवायला निघालेला एक राजपुत्र असा सगळा सरंजाम मांडला होता. माझ्या नणंदेने तो वाचला आणि एकच प्रश्न विचारला, "वन्सं म्हणून नाही, वाचक म्हणून विचारते. ती देवी आहे ना? मग साखळी तोडत का नाही?" मला उत्तर देता आले नाही, आणि त्या दिवसापासून एक ओळही पुढे सरकलेली नाही. तेव्हा प्रश्न इतकाच की, एका देवाने दुसऱ्या देवाला कैद करावे आणि वाचकाला ते पटावे, असे बंधन कोणते?

जुनाफळा

ताई, तुमच्या नणंदबाईंचा प्रश्न फार जुना आहे. ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातील बत्तिसाव्या सूक्तात वृत्र नावाच्या सर्परूपी शत्रूने अडवलेल्या पाण्याचे वर्णन येते. तिथले पाणी स्त्रीरूप आहे. त्या 'दासपत्नी', म्हणजे शत्रूच्या ताब्यातल्या स्त्रिया, झाल्या आहेत, सर्प त्यांचा राखणदार आहे, आणि पणी नावाच्या शत्रूंनी गाई अडवून ठेवाव्यात तशा त्या अडून उभ्या आहेत. बेडीचा मात्र कुठेही उल्लेख नाही. वृत्र या नावातच झाकण्याचा, वेढून राहण्याचा अर्थ आहे. तो पाण्याला बांधत नाही, तो त्याच्या वाटेवर पसरून पडतो. म्हणजे आपल्या परंपरेतला सर्वांत जुना कारागृहपाल हा स्वतःच कारागृहाची भिंत आहे, आणि तुमचा कातळोबा नेमका तसाच आहे. त्याला पहारेकरी कशाला हवेत?

गोदावरीच्या उगमाची कथाही या संदर्भात आठवून पाहावी. गंगा शंकराच्या जटेत होती आणि ते पार्वतीला सलत होते. पुढे गौतमावर गोहत्येचा दोष आला, त्याने तप करून गंगेला ब्रह्मगिरीवर उतरवले, आणि ती पुन्हा गुप्त होऊ लागली तेव्हा कुश टाकून तिला अडवले, तेच त्र्यंबकेश्वराचे कुशावर्त. पैठणला, गंगाखेडला, नांदेडला जिचे पात्र पाहून छाती दडपते, ती नदी गवताच्या काडीने अडली. ती काडीच्या ताकदीने अडली नाही, हे सांगायला नको. तेव्हा साखळी जितकी जाड कराल तितकी देवी लहान होत जाईल, एवढे लक्षात ठेवा.

पाऊलवाट

आमच्या अंबाजोगाईला योगेश्वरीची कथा सांगतात. ती कोकणातून परळीच्या वैजनाथाशी लग्नासाठी निघाली, वाटेत मुहूर्त टळला, वऱ्हाड दगडाचे झाले आणि देवी तिथेच राहिली, ती अविवाहित. तिला कोणी पकडले नाही, पण ती परतही गेली नाही. वेळेनेही अडवता येते, एवढेच सुचवतो.

खडकपारखी

मी साहित्यातला माणूस नाही. चौदा वर्षे बोअरच्या गाडीवर काढली आहेत, म्हणून कातळोबाच्या बाजूने दोन शब्द लिहितो.

आपल्याकडचा खडक सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे थर एकावर एक पसरून झाला. प्रत्येक थराचा वरचा भाग निवताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले, त्यामुळे तो सच्छिद्र झाला. गावाकडे त्याला मांजऱ्या म्हणतात. थराचा मधला भाग सावकाश निवला, तो एकसंध, घट्ट काळा पाषाण. अशा पाषाणात पाणी राहिलेच तर फक्त भेगेत राहते. म्हणून एका शेतात दीडशे फुटांवर पाणी लागते आणि बांधापलीकडे पाचशे फूट जाऊनही नुसती धूळ उडते. मालक गाडीशेजारी उभा राहून त्या धुळीचा रंग बघत असतो, आणि त्याचे तोंड बघवत नाही.

आता तुमच्या कामाची गोष्ट. मांजऱ्यातले ते बुडबुडे कायम रिकामे राहत नाहीत. खडकातून झिरपणाऱ्या पाण्यानेच वाहून आणलेली खनिजे त्यांत साचतात आणि पुढे त्यांचे पांढरे, सुयांसारखे किंवा चकचकीत स्फटिक होतात. विहीर खोदताना निघालेले असे दगड पोरे घरी नेऊन कोनाड्यात ठेवतात. तुमच्या देवीला सात दारांआडच्या एका दालनात बसवू नका. तिला थेंबाथेंबाने वेगळी करून अशा लाखो बुडबुड्यांत टाका, म्हणजे प्रत्येक कोठडीत ती आहे, पण कुठल्याही एका कोठडीत ती पुरती नाही. आणि जसजशी ती आत राहील तसतशी कोठडी तिच्याच अंगच्या क्षाराने बुजत जाईल. ही कैद खडकाला मुद्दाम करावी लागत नाही, ती आपोआप होते.

गोदाकाठची

खडकपारखी दादा, मी साहित्यातला माणूस नाही असे पुन्हा म्हणू नका. लाखो कोठड्यांची कल्पना मी आजच वहीत उतरवली. जुनाफळा मास्तरांनी दाखवलेला वृत्रही मनात बसला. पहारेकरी आणि दारे मी कथेतून काढून टाकली आहेत.

अर्धी_भाकरी

माझा आक्षेप थोडा निराळा आहे. देवीला पकडले, मुलूख वाळला, कोणी पुरुष तिला सोडवायला निघाला, अशा कथेत देवी ही हरवलेल्या दागिन्यापेक्षा वेगळी राहत नाही. प्राचीन सुमेरच्या इनान्ना देवीची कथा पाहा. ती पाताळाच्या सात दारांपाशी अंगावरची एकेक वस्तू उतरवत आत जाते, तिथे तिचे प्रेत होऊन खुंटीला टांगले जाते, तरी ती कथा तिचीच राहते. कारण ती स्वतःच्या पायांनी गेली होती, आणि निघण्यापूर्वी, आपण परतलो नाही तर काय करायचे, हे आपल्या दासीला सांगून गेली होती. तुमची ओलाई कोठडीत काय करते? सात वर्षे ती कोणाशी बोलते? हे ठरल्याशिवाय तिला कशाने बांधले, हा प्रश्न मला अपुरा वाटतो.

दुसरे असे की, देवाला कोंडणे ही गोष्ट आपल्याकडे फक्त प्रतिस्पर्धी देव करत नाहीत. पाऊस लांबला की गाभाऱ्यात पाणी भरून महादेव कोंडायची रीत आपल्या खेड्यांतून आहे. पोराच्या परीक्षेला आई देव पाण्यात ठेवते. आणि गंगाखेडच्या जनाबाईने तर पंढरीच्या चोराला गळ्यात दोर बांधून धरले, हृदयाचा बंदिखाना केला, आणि त्याच्या पायांत बेडी घातली ती शब्दांची. तिचा विठ्ठल काकुळतीला येतो, आणि ती म्हणते की जिवंत आहे तोवर सोडणार नाही. आपल्या भागात देव ज्या कैदेला मान देतो ती अशी असते. तुमच्या कातळोबाला हे ठाऊक असणार, कारण त्याच्या डोक्यावर माणसे राहतात.

गोदाकाठची

अर्धी_भाकरी ताई, तुमच्या प्रतिसादाने दोन रात्री झोप लागली नाही. त्यातून सुचले ते मांडते. ओलाईचे एक व्रत आहे, तहानलेल्याला नाही म्हणायचे नाही. कातळोबा तिच्याकडे याचक होऊन येतो आणि म्हणतो की, मी उत्पत्तीपासून तहानलेला आहे, माझ्या पोटात ये. ती स्वतःच्या पायांनी आत जाते, आणि तो भेगा मिटून घेतो. ती बाहेर येऊ शकत नाही, कारण तो रोज म्हणतो, अजून तहान भागली नाही. म्हणजे तिला तिच्याच वचनाने बांधले. कसे वाटते?

चिकित्सक

सुरुवात उत्तम आहे, पण पुढे ती लंगडते. वचनात अडकलेले देव, राजे आणि ऋषी आपण इतके पाहिले आहेत की, वचन म्हटले की वाचक जांभई देतो. शिवाय कपटाने काढून घेतलेले वचन पाळावेच कशाला? पहिल्या वर्षी ती भोळेपणाने राहील, हे मान्य. दुसऱ्या वर्षी, वर गुरे मरत आहेत हे कळल्यावरही ती "मी शब्द दिला आहे" म्हणत बसली, तर मला तिचा राग येईल. ती आत जाते ते वचनाने, हे पटते. ती आत राहते ते कशाने, याचे कारण दुसरे असले पाहिजे आणि ते पहिल्याहून मोठे असले पाहिजे.

कोजागिरी

एक छोटी सूचना. तुळजापूरची मूर्ती चल आहे आणि देवी वर्षातून तीनदा सिंहासन सोडून पलंगावर निद्रा घेते. तेवढे दिवस सिंहासन रिकामे असते, पण देवी नाही असे कोणी म्हणत नाही. ओलाई कैदेत असताना तिच्या देवळात काय चालते, हेही एखाद्या प्रसंगात यावे. पुजारी रोज कोरड्या घागरीची पूजा करतो, असे काही.

(आणि कृपया खऱ्या देवींची नावे कथेत आणू नका. ओलाई हेच छान आहे.)

माळवद

हा धागा पहिल्या दिवसापासून वाचत होतो आणि लिहावे की नाही, हे ठरत नव्हते.

आमचे गाव औसा तालुक्यातले. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी भूकंप झाला तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती, गणपती बोळवून माणसे उशिरा झोपली होती. त्याविषयी इथे जास्त लिहीत नाही. फक्त घरांविषयी लिहितो, कारण तुमच्या प्रश्नाचे उत्तर मला तिथे दिसते.

आमच्याकडच्या जुन्या घरांच्या भिंती मातीत बसवलेल्या दगडांच्या असत, दोन-दोन, तीन-तीन फूट रुंद. वर लाकडी तुळया, त्यांवर फळ्या आणि फळ्यांवर पांढऱ्या मातीचे माळवद. दर पावसाळ्याआधी गळती थांबवायला माळवदावर नवी माती टाकायची, त्यामुळे छत वर्षावर्षाला जड होत गेलेले. उन्हाळ्यात असे घर थंड, हिवाळ्यात उबदार. आजोबा म्हणायचे की, पोटात घेतल्यासारखं घर आहे. त्या पहाटे माणसे घरांनी मारली. सुमारे दहा हजार माणसे गेली, ती बहुतेक या भिंती आणि ही माळवदे अंगावर येऊन.

आता तुमची देवी. चिकित्सक विचारतात की, ती आत कशाने राहते. ती कातळ फोडू शकते, हे मला मान्य आहे, देवी आहे ती. लाखो बुडबुड्यांतली सगळी ओल एकाच क्षणी फुगली तर कुठला कातळ टिकेल? पण कातळाच्या पाठीवर गावे आहेत. कातळोबाला साखळीची गरजच नाही. त्याने एवढेच करावे की, ओलाई आत गेल्यावर लोकांना आपल्या पाठीवर बोलवावे. दगड फुकट द्यावा, पाया पक्का द्यावा. नवे घर उभे राहिले की कैदेला एक कुलूप वाढले. आतून तिला जात्याची घरघर ऐकू येते, पाळण्याची कुरकुर ऐकू येते, आणि तिला कळते की आपण अंग झाडले तर हे सगळे खाली येईल.

ती कातळोबाच्या बळाने आत राहत नाही. वर झोपलेल्या माणसांसाठी राहते, आणि तीच माणसे वर पाण्यावाचून वाळत आहेत. मला तरी याहून वाईट कैद सुचत नाही.

चिकित्सक

माझा आक्षेप मी मागे घेतो.

अर्धी_भाकरी

माळवद दादा, तुम्ही लिहिलेत, फार बरे झाले.

माझ्या प्रश्नाचे उत्तरही यातच आले. ती सात वर्षे काय करते? ऐकते. कोणत्या घरात किती माणसे झोपतात, कोण पहाटे उठते, कोणते घर सण करायला गावाला गेले आहे, हे तिच्याइतके कोणालाच ठाऊक नाही. ती अंग झाडण्याची वेळ शोधत असणार, आणि रात्री असो की दुपारी, कुठल्या ना कुठल्या घरात कोणीतरी असतेच.

जुनाफळा

यातून एक नवी अडचण उभी राहते, तीही पाहून ठेवा. असे बंधन असेल तर राजपुत्राने कातळोबाशी युद्ध करून उपयोग नाही. कातळोबा मेला तरी खडक आहे तिथेच राहील आणि गावेही तिथेच राहतील. वृत्राला इंद्राने वज्राने मारले, कारण वृत्राच्या पाठीवर कोणी नांदत नव्हते. तुमच्या कथेत सोडवणूक लोकांनाच करावी लागेल. त्यांना घरे सोडून उठावे लागेल.

माळवद

मास्तर, उठणे सोपे नसते. भूकंपानंतर ५२ गावे नव्या जागी वसवली गेली. रुंद रस्ते, चौकोनी प्लॉट, सगळे दिले गेले. तरी आमची म्हातारी माणसे कित्येक वर्षे सकाळी जुन्या गावठाणात जाऊन बसत. तिकडे पैठणला नाथसागर भरला तेव्हा पाण्याखाली गेलेल्या गावांचीही हीच गोष्ट. जायकवाडीचे पाणी आम्हाला हवे असते, पण ते ज्यांच्या उंबऱ्यांवर उभे आहे त्यांना विचारून पाहा. तुमच्या कादंबरीत लोक उठतील तेव्हा ते आनंदाने, गाणी म्हणत उठू नयेत, इतकीच विनंती. एखाद्या म्हातारीने नकार द्यावा. आणि तिचा नकार चुकीचा आहे, असे लेखिकेने सुचवू नये.

गोदाकाठची

ती म्हातारी मला कालच भेटली. तिच्या घरात नवऱ्याने बसवलेला एक दगड आहे, आणि ती म्हणते की देवी सुटो की न सुटो, मी या दगडाला पाठ दाखवणार नाही. तिला कसे हलवावे, हे मलाही सुचलेले नाही. हलवू नये, असेच वाटू लागले आहे. पण मग ओलाई कधीच सुटणार नाही.

पाऊलवाट

पुरते सुटायलाच हवे का?

आपल्याकडेच उत्तर आहे, आणि ग्रीकांकडेही आहे. तिकडच्या पर्सेफोनीने पाताळात डाळिंबाचे दाणे खाल्ले म्हणून तिला वर्षाचा काही भाग पाताळाच्या देवाकडे काढावा लागतो आणि उरलेला भाग आईकडे. ते झाले परक्या मुलखातले. इकडे धाराशिव जिल्ह्यात नळदुर्ग आणि अणदूरचा खंडोबा घ्या. देवळे दोन, मूर्ती एक. देव सुमारे सव्वादहा महिने अणदूरला राहतो आणि पावणेदोन महिने नळदुर्गला. त्यासाठी दोन्हीकडच्या मानकऱ्यांमध्ये लेखी करार होतो, आणि मग वाजतगाजत मूर्ती हलते. देव कोणाचा, यावरून डोकी फुटली असती. तिथे कागद झाला.

ओलाई आणि कातळोबा यांच्यात लढाई होऊ नये, करार व्हावा. मृगापासून ती वर, हस्त सरला की ती हळूहळू खाली. म्हातारीचे घर तसेच राहील, कारण भेग एकदम फुटणार नाही, दरवर्षी सावकाश उघडेल आणि सावकाश मिटेल.

खडकपारखी

भूशास्त्राला हे मान्य आहे. पावसाचे पाणी मुरते आणि पुढे झऱ्याने निघते, ते असेच. फक्त एक सांगतो, कातळोबालाही त्यात काहीतरी मिळाले पाहिजे. फुकटात कोणी करार करत नाही, आणि त्याची तक्रार खोटी नव्हती. सुरुंग त्यालाच लागतो.

चिकित्सक

त्याला शेंदूर द्या. रस्त्याकडेच्या कुठल्याही दगडाला शेंदूर लावला की तो देव होतो, हे आपल्याकडे सिद्धच आहे. ज्या गावाने विहीर खोदायची त्याने आधी खडकाला शेंदूर लावून त्याची परवानगी मागायची, असे कलम घाला. आणि राजपुत्राचे काय केले?

गोदाकाठची

राजपुत्राला मी कारकून केले आहे. तलवार चालवण्याचे काम उरले नाही आणि त्याला अक्षर चांगले होते. पाऊलवाट, तुमचा करार मी घेतला, आणि शेंदराचे कलमही. चौथे प्रकरण पुन्हा लिहायला बसले आहे. त्यातला एक तुकडा इथे ठेवते, सुधारणा सुचवाव्यात.

"कारकुनाने शेवटचे कलम वाचून दाखवले. कातळोबाने आपली खूण म्हणून कागदाच्या कोपऱ्यावर एक बारीक काळा खडा ठेवला, आणि त्याच्या वजनाने कागद जागच्या जागी बसला. मग भेग बोटभर उघडली. आतून सात वर्षांचा गार श्वास वर आला, तेव्हा जवळ उभ्या असलेल्या गुरांनी माना उचलल्या. ओलाई पुरती बाहेर आली नाही. म्हातारीच्या घराची भिंत किती लांब आहे, याचा तिने आधी कानोसा घेतला. नंतर हात वर करून तिने कागदावर अंगठा टेकवला, आणि जिथे टेकवला तिथे ओला ठसा उमटला."

अर्धी_भाकरी

ताई, ठसा पाण्याचा आहे. दुपारच्या उन्हात वाळून जाईल. मग कराराचा पुरावा काय?

गोदाकाठची

वाळतोच. म्हणून कारकुनाला दर मृगाला तो कागद घेऊन भेगेपाशी जावे लागते. पाचवे प्रकरण तिथून सुरू होते, त्या वर्षी तो पोहोचायला चार दिवस उशीर करतो.